मिनामोला नाही म्हणू दे

"हिचा स्कर्ट कुणी कापला?"

राम आळीतल्या फ्लेक्सच्या दुकानात पाऊल टाकताच दमयंती हे बोलून गेली. खरं तर ती मावशीच्या खानावळीचा बोर्ड न्यायला आली होती. छत्रीतून पाणी गळत होतं, चपला चिखलाने माखल्या होत्या, आणि आधीच उशीर झाला होता. पण काउंटरपलीकडच्या कॉम्प्युटरवर तिला मिनामो दिसली... आणि बोर्ड, मावशी, उशीर, सगळं बाजूला राहिलं.

कॉम्प्युटरसमोरचा मुलगा दचकून मागे वळला. "काय?"

"ही 'कामोमे बंदर'मधली मिनामो ना? मालिकेत हिचा स्कर्ट गुडघ्याखाली असतो. पहाटेच्या थंडीत धक्क्यावर उभी राहून सुकी मासळी विकते ती. एवढासा स्कर्ट घालून कोण जाईल मासळी विकायला? तुम्ही जाल?"

मुलाने खरोखरच विचार केला. "मी... नाही जाणार."

"मग तिला का पाठवता?"

तो चिडला नाही. उलट गेलेली वीज परत यावी तसा त्याचा चेहरा उजळला. "तुम्ही 'कामोमे बंदर' बघता? इथे, रत्नागिरीत?"

"का? रत्नागिरीत नेट येत नाही?"

त्याचं नाव हर्षद. दुकान काकांचं. दिवसभर तो वाढदिवसाच्या शुभेच्छांचे फ्लेक्स करायचा, कुणाच्या डोळ्यावर गॉगल चढव, कुणाच्या मागे वाघ उभा कर. आणि काकांची पाठ वळली की त्या जपानी मालिकेवरून मराठीत एक गेम बनवायचा. पडद्यावर चित्र येतं, खाली संवाद उमटतात, मध्येच दोन-तीन पर्याय दिसतात. तुम्ही जे निवडाल त्यावर ठरतं की समोरची मुलगी तुमच्या प्रेमात पडणार की नाही. वर कोपऱ्यात बदामाची पट्टी, प्रेम वाढलं की ती लाल होत जाते. मालिकेवरच्या प्रेमापोटी केलेला गेम, नेटवर फुकट टाकायचा, बस्स.

"खेळून बघता?" त्याने खुर्ची पुढे सरकवली.

दमयंती बसली. पडद्यावर धक्का, धुकं, टोपली घेऊन उभी मिनामो. पर्याय आले. शिंपल्यांची माळ दे. भाजलेलं कणीस दे. 'तुझ्या अंगाला मासळीचा वास येतो' असं म्हण.

दमयंतीने मुद्दाम तिसरा निवडला.

मिनामोचे गाल गुलाबी झाले. 'तू किती खरं बोलतोस...' ती म्हणाली. बदाम सरकन वाढला.

दमयंतीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "हा काय प्रकार आहे? तिच्या तोंडावर सांगतो वास येतो म्हणून, आणि ही लाजते?"

"तो भाग अजून नीट लिहायचाय—"

"आमच्या मावशीच्या गावी देवळात गाऱ्हाणं घालतात. गुरव एकेक मागणं सांगतो आणि जमलेले सगळे मागून 'व्हय महाराजा' म्हणतात. तुमच्या मिनामोला तिकडे नेऊन बसवा. शोभेल."

हर्षद हसला. मोठ्याने नव्हे, ओठांच्या एका कोपऱ्यातून. तो कोपरा दमयंतीला आवडला, आणि आवडला म्हणून तिला आणखी राग आला.

"मग तुम्हीच लिहा तिचे संवाद," तो म्हणाला.

"मी कशाला?"

"तुम्हाला राग येतो. माझ्या मिनामोला येतच नाही... हीच तर अडचण आहे."

बोर्ड घेऊन ती निघाली तेव्हा पाऊस थांबला होता. 'नाही लिहिणार' असं ती ठणकावून सांगून आली होती, आणि दुसऱ्या संध्याकाळी त्याच खुर्चीत येऊन बसली होती.

मग रोजचंच झालं. संध्याकाळी काका देवळात गेले की हर्षद शटर अर्धं ओढायचा, शाईच्या वासात दोन कप चहा यायचा आणि दमयंती भांडायला सुरुवात करायची. ती मिनामोची वाक्यं मोठ्याने बोलायची, तो टाइप करायचा. पेन्सिल वेणीत खोचायची तिला सवय होती. मग तीच पेन्सिल ती टेबलभर शोधायची. तो बघत राहायचा, सांगायचा मात्र नाही.

"माहीत असून गप्प बसतोस?" 'तुम्ही'चं 'तू' कधी झालं, दोघांनाही कळलं नव्हतं.

"शोधताना तू पुटपुटतेस. ते ऐकायला बरं वाटतं."

"बरं वाटतं म्हणे! मेल्या, माझा अर्धा तास गेला."

सगळ्यात मोठं भांडण झालं ते मिनामोच्या शेवटावरून. हर्षदच्या कथेत नायक टोकियोला जातो आणि मिनामो वर्षानुवर्षं धक्क्यावर उभी राहते. वाऱ्यावर केस, डोळ्यांत पाणी. चित्र त्याने फारच सुंदर काढलं होतं.

"पूस," दमयंती म्हणाली.

"अगं, पण हेच तर सगळ्यांना आवडणार आहे!"

"माझे बाबा बोटीवर असतात, हर्षद. वर्षातले कितीतरी महिने. आई धक्क्यावर केस सोडून उभी नसते. ती गॅसचा नंबर लावते, आजीची औषधं आणते, घरावरची कौलं फुटली तर माणूस शोधते. वाट बघणारी बाई तुम्हा मुलांना सुंदर दिसते, कारण वाट तुम्हाला बघावी लागत नाही."

हर्षदने माउस हातात घेतला. त्याने ते चित्र पुसलं. दमयंतीला वाटलं होतं तो वाद घालेल. त्याने घातला नाही, आणि तिच्या मनात काहीतरी हळूच हललं.

"आणि तिला 'नाही' म्हणता आलं पाहिजे," ती जरा मऊ आवाजात म्हणाली. "नाही म्हटल्यावर तिने मरायचं नाही, रडायचं नाही, गाव सोडायचं नाही. घरी जाऊन जेवायचं."

"जेवायचं? हा काय शेवट झाला?"

"चांगला शेवट झाला."

गेममध्ये नवं काही बसवलं की हर्षद ते आधी 'चाचणी' नावाच्या एका कोपऱ्यात चालवून बघायचा. चित्र हलतं का, पर्याय उघडतात का, एवढंच बघायचं असायचं. म्हणून तिथे वाक्यं कसलीही. 'मांजर बांगडा घेऊन पळालं.' 'काका आले, पळा.' गेम बाहेर टाकण्याआधी तो कोपरा काढून टाकायचा असतो. दमयंतीलाही हे ठाऊक होतं. त्यातली मांजराची वाक्यं तर तिचीच होती.

श्रावणातल्या एका संध्याकाळी दोघं मांडवीच्या जेटीवर गेली. ऊन आणि सरी यांची पळापळ चालली होती. हर्षदने एक कणीस घेतलं, अर्धं मोडून तिला दिलं. लिंबू-मीठ बोटांना चिकटलं होतं. छत्री एकच होती, आणि ती दोघांत मिळून धरायची म्हणजे... बोटं लागणारच. कुणी बाजूला घेतली नाहीत.

"दमू, तुला कुणी विचारलं ना..." तो समुद्राकडे बघत म्हणाला, "म्हणजे कुणीही... तर तू काय सांगशील?"

तिने कणसाचे दाणे सोलले. "लगेच नाही सांगणार. घरी जाईन. शांतपणे आमटी-भात जेवेन. मग येऊन सांगेन."

"एवढा वेळ?"

"मला कधी वेळ मिळालाच नाही रे. अकरावीला कॉमर्स घेऊ का, तर मावशी म्हणाली होय. खानावळीत बसेल का, मावशी म्हणाली होय. माझं उत्तर मी घरी पोचायच्या आधी दिलेलं असतं. एकदा तरी... माझं हो मला म्हणायचंय."

हर्षदने मान हलवली. छत्री तिच्या बाजूला कलती केली, आणि त्याचा खांदा पूर्ण भिजला. दमयंतीने ते पाहिलं आणि घरी जाईपर्यंत उगाचच हसत राहिली.

गेम नारळी पौर्णिमेला बाहेर टाकायचा ठरलं होतं. मालिकेतल्या जपानी जत्रेच्या जागी त्यांनी मांडवीची नारळी पौर्णिमाच घातली होती, समुद्राला नारळ देणारी माणसं, सजवलेल्या होड्या, सगळं. हर्षदने दुपारीच गेम टाकला आणि संध्याकाळी दोघं जेटीवरच्या गर्दीत उभी राहिली. ढोल वाजत होते. होड्यांवर पताका फडफडत होत्या. दमयंतीने आईची मोरपंखी साडी नेसली होती, आणि हर्षद त्या साडीकडे पुन्हा पुन्हा बघत होता.

"लोक खेळतायत गं!" तो शेवटी एवढंच म्हणाला. "लिहितायतसुद्धा. बघ तरी."

दमयंतीने आपल्या मोबाइलवर गेम उघडला. पहिल्या पानावर 'सुरुवात', त्याखाली 'जतन केलेलं', आणि त्याखाली... 'चाचणी'.

"अरे, हे काढायचं राहिलं," ती हसत म्हणाली. "आता लोक आपलं मांजर बघणार."

तिने ते उघडलं. हर्षदने "थांब—" म्हणेपर्यंत उघडलंही.

मांजर नव्हतं. मांडवीची जेटी होती. पावसाची सर, एक छत्री, आणि वेणीत पेन्सिल खोचलेली एक मुलगी. नाकाच्या डाव्या बाजूचा तीळसुद्धा होता. ती मुलगी म्हणत होती, 'माझं उत्तर मी घरी पोचायच्या आधी दिलेलं असतं.' पुढच्या चित्रात मुलगा म्हणाला, 'दमू, मला तू आवडतेस.' आणि त्या मुलीने, दमयंतीचं तोंड असलेल्या त्या मुलीने, मान खाली घालून म्हटलं, 'हो. मी केव्हाची वाट बघत होते.'

बदाम काठोकाठ भरला.

खाली लोकांनी लिहिलेलं होतं. त्यातलं पहिलंच होतं, 'ती चाचणीवाली पोरगी भारी. अर्ध्या कणसात पटली.'

ढोल वाजतच होते. दमयंतीच्या कानात मात्र काही शिरेना.

"दमू, ऐक... चुकून गेलं. ते कुणाला दाखवायचं नव्हतं. मी फक्त माझ्यासाठी..."

"तुझ्यासाठी?" तिचा आवाज चढला. शेजारच्या बाईने नारळ हातात धरून वळून पाहिलं. "मी तुला काय सांगितलं होतं? याच ठिकाणी उभी राहून? अख्ख्या जगात ते मी फक्त तुला सांगितलं होतं!"

"मला तू आवडतेस. ते खरं आहे."

"आवडते हे तू लिहिलंस, त्याचा मला राग नाही! तुझं वाक्य होतं, तू लिहिलंस. माझं 'हो' का लिहिलंस? ते कुणाला विचारून लिहिलंस?" तिचे डोळे भरून आले, आणि भरून आले याचाही तिला संताप आला. "मावशी निदान तोंडावर सांगते की मी हो म्हणून टाकलंय. तू तर मला सांगितलंही नाहीस. आणि वर म्हणे वाट बघत होते! वाट! तेच हवं होतं ना तुला शेवटी?"

हर्षदचा चेहरा पांढराफटक पडला होता. त्याने तिथल्या तिथे मोबाइल काढला आणि गेम नेटवरून उतरवला. दमयंती ते बघायला थांबली नाही. मोरपंखी साडीचा पदर खोचून ती गर्दीतून वाट काढत घरी गेली आणि त्या दिवशीचा नारळीभात तिने तोंडात घातला नाही.

नंतर हर्षदने जे करायचं तेच केलं, म्हणजे जे करू नये ते. खानावळीत कोकम सरबताची बाटली आली. मग कणसं आली. मग तिच्या आवडीच्या पेन्सिलींचं अख्खं खोकं आलं. तिने तिन्ही वेळा निरोप पाठवला, 'बदामाची पट्टी गेममध्ये असते. मला नाही.'

चौथं काही आलं नाही. त्याने तिला बरं वाटायला हवं होतं. वाटलं नाही. संध्याकाळ झाली की तिचे पाय राम आळीकडे वळायचे आणि ती त्यांना खसकन मागे ओढायची.

त्याच दिवसांत मावशीने पोळ्या लाटता लाटता सांगून टाकलं, "अगो दमू, चिपळूणच्या एका ऑफिसातून नोकरीसाठी फोन आलेला. सोमवारपासून बोलावलंय. मी होय म्हणून सांगितलं."

राजश्रीमावशी मनाची वाईट नव्हती. तिने बहिणीचा संसार अर्धा आपल्या खांद्यावर घेतला होता, आणि खांदा दिला की तोंडही आपलंच, असं तिला प्रामाणिकपणे वाटायचं. पण त्या दिवशी दमयंतीच्या हातातली ताटं जमिनीवर आदळली.

"मग तूच जा सोमवारपासून!"

"काय ता?"

"हो तू म्हणालीस ना? मग नोकरी पण तूच कर. मावशी, यापुढे माझ्याबद्दल कुणी काही विचारलं तर सांग, तिला विचारा. एवढंच सांगायचं. तिला विचारा!"

खानावळीतले जेवणारे घास हातात धरून बघत राहिले. मावशीचं लाटणं थांबलं. ती पुटपुटली, "बरी की वाचा फुटली हिला," आणि पुन्हा पोळी लाटायला लागली. चिपळूणला फोन दमयंतीने स्वतः केला आणि नाही म्हणून सांगितलं. आभाळ कोसळलं नाही. घरी येऊन ती पोटभर जेवली.

त्यानंतर मोबाइल वाजला. हर्षदचा निरोप होता, आणि सोबत एक फाइल. ज्या पानावर गेम होता तिथे त्याने स्वतःचं नाव घालून लिहिलं होतं, 'चाचणीतली मुलगी खरी आहे. तिचं उत्तर मी तिला न विचारता लिहिलं. ते खोटं होतं. ती कुणाला पटली नाही. चूक माझी.' फाइल उघडल्यावर तीच जेटी दिसली. मुलीच्या चेहऱ्याच्या जागी नुसती रेघांची आकृती होती. बदामाची पट्टी काढून टाकलेली. मुलाचं वाक्य होतं तसंच होतं. मुलीच्या सगळ्या वाक्यांच्या जागा रिकाम्या. खाली त्याने एवढंच लिहिलं होतं, 'हे तुझं आहे. पुसायचं तर पूस.'

दमयंतीने पुसायला घेतलं. खरंच घेतलं. मग तिला आठवला छत्रीबाहेरचा भिजलेला खांदा, आणि वाद न घालता पुसलेलं ते सुंदर चित्र. ती बराच वेळ चरफडली. आणि मग, चरफडतच, लिहायला बसली.

पुढच्या शनिवारी दुपारी ती दुकानात गेली. काका आतल्या बाजूला मशीनवर होते. तिने काउंटरवर पेनड्राइव्ह ठेवला. "खेळ. मी बाहेर आहे."

"दमू, मी—"

"खेळ म्हटलं ना."

पागोळ्या गळत होत्या. ती पत्र्याखाली उभी राहून काचेतून बघत राहिली. रेघांच्या आकृतीच्या जागी तिने मिनामोलाच उभं केलं होतं, आणि तिच्या या मिनामोला राग यायचा. कणीस दिलं तर ती विचारायची, 'अर्धं तू का खाल्लंस?' वासाबद्दल बोललं तर टोपली त्याच्या डोक्यावर उपडी व्हायची. हर्षद हसला, तोच ओठांचा एक कोपरा. मग तो पडद्याकडे झुकला. मुलाने विचारलं होतं, आणि मिनामो जेवायला घरी गेली होती. ते जेवण दमयंतीने फार निगुतीने लिहिलं होतं. भात, बांगड्याचं तिखलं, एकेक काटा काढत. पुढे ढकलायची सोयच ठेवली नव्हती. हर्षद घास घास क्लिक करत बसला, आणि सगळ्यात शेवटी पडद्यावर ओळ आली, 'पुढचं इथे लिहिलेलं नाही. तोंड आहे ना तुला?'

तो बाहेर आला. केस विस्कटलेले, बोटांना निळी शाई.

"पर्याय नाहीयेत," तो म्हणाला.

"नाहीत."

"चुकलो तर मागे जाता येणार नाही."

"नाही."

त्याने श्वास घेतला. "दमू... मला तू आवडतेस. तुझ्या रागासकट. खरं तर रागापासूनच. तुला मी... आवडतो का?"

छातीत ढोल वाजायला लागले. तरी तिने छत्री उघडली. "जेवून येते," ती म्हणाली आणि चालू पडली.

घरी आईने भात वाढला, आमटी वाढली. "हसतेस काय गो एकटीच?"

"हसत नाहीये. ठसका लागलाय."

तिने सावकाश जेवण केलं. उत्तर तिला केव्हापासून माहीत होतं, कदाचित त्या आखूड स्कर्टच्या दिवसापासूनच. पण घाई करायला कुणी नव्हतं, आणि त्या रिकाम्या वेळाची चव आमटीत उतरली होती. तिने दुसऱ्यांदा भात घेतला. ताट धुतलं. मग निघाली.

हर्षद दुकानाबाहेरच उभा होता. पत्र्याखालीसुद्धा नव्हे, पार रस्त्याच्या कडेला, जिथून दमयंतीच्या घराकडून येणारं माणूस आधी दिसेल तिथे. सरीने ओलाचिंब झाला होता. आतून काका ओरडत होते, "हर्ष्या, मशीन बंद पडलंय, आणि तू तिकडे काय पाऊस मोजतोस?"

"आत बसायला काय झालं होतं?" दमयंती कडाडली.

"बसवलंच नाही."

"असं भिजत वाट बघत उभं राहिलेलं मला आवडत नाही. सांगितलं होतं ना?"

"सांगितलं होतंस." त्याने डोळ्यांवरचं पाणी निपटलं. "पण कधी बघितली नव्हती गं वाट. फार वाईट असतं हे. मिनामोला मी किती दिवस उभं केलं होतं..."

दमयंतीचं मन भरून आलं. छत्री तिने त्याच्या डोक्यावर धरली, कलती, इतकी कलती की तिचाच खांदा भिजायला लागला.

"परत विचार," ती म्हणाली.

"तुला मी आवडतो का?"

राम आळीत माणसं येत-जात होती. एक रिक्षावाला थांबून बघत होता. दमयंतीने त्या सगळ्यांकडे एकदा रागाने पाहिलं. मग हर्षदकडे पाहिलं, तेही रागानेच, आणि स्वतःच्या तोंडाने, स्वतःच्या आवाजात, सगळ्या आळीला ऐकू जाईल असं म्हणाली—

"व्हय महाराजा!"